आर्टिचोकची पंगत

सासऱ्यासमोर 'मला माहीत नाही' असं म्हणायला मोठं काळीज लागतं. माझं काळीज कारकुनी मापाचं आहे. त्यामुळे लग्न झाल्यापासून मी सासरी एकदाही 'माहीत नाही' म्हटलेलं नाही. कापसावरची बोंडअळी असो, दिल्लीचं राजकारण असो, नाहीतर विमानाचं इंजिन असो, मी मान हलवून म्हणतो, "हां, ते तसंच असतं." जळगावला सरकारी कचेरीत टेबलामागे बसणारा जावई म्हटल्यावर समोरचेही मान हलवतात आणि विषय मिटतो. आर्टिचोकचा मात्र मिटला नाही.

त्याचं असं झालं. माझे सासरे आधारआबा. पारोळ्याहून आत गेलं की त्यांचं गाव लागतं. कापूस, ज्वारी आणि अलीकडे ठिबकवर थोडी केळी. ब्याण्णव-त्र्याण्णवची गोष्ट असेल. आमच्या खानदेशात तेव्हा ठिबकचं नवं वारं होतं आणि शेतकऱ्यांच्या सहली थेट इस्रायलला जायला लागल्या होत्या. अशाच एका सहलीत आबा गेले. पासष्टीचा माणूस, चौथी शिकलेला, धोतर-टोपीत विमानात बसला आणि वाळवंटातली शेती डोळ्यांनी बघून आला. (मी त्या सालापर्यंत भुसावळच्या फलाटावर गाडी बदलतानासुद्धा घाबरत असे.) मला त्यांचं मनापासून कौतुक वाटायचं. आजही वाटतं. परदेशातून लोक घड्याळं आणतात, अत्तरं आणतात. आबांनी बियांची पुडी आणली.

ती पुडी त्यांनी विहिरीजवळच्या तुकड्यात लावली आणि थंडी ओसरायच्या सुमारास एक दिवस पिशवी घेऊन आमच्या घरी आले. पाणी प्यायले, चहा प्यायले आणि मग पिशवीतून एक चीज काढून माझ्यासमोर टेबलावर ठेवली. हिरवीगार, मुठीपेक्षा मोठी, खवल्यांवर खवले चढलेली, आणि प्रत्येक खवल्याच्या टोकाला बारीक काटा.

"जवाईबुवा, हाई काय शे, सांगा बरं?"

मी नेहमीप्रमाणे मान हलवायला लागलो. पण मान नुसती हलवून चालणार नव्हतं, आबा उत्तराची वाट बघत होते. माझी अवस्था बघून त्यांनीच सोडवणूक केली. "तिकडे त्याले आर्टिचोक म्हणतस."

आर्टिचोक! हा शब्द मी वाचला होता. मुंबईला एकदा खात्याच्या ट्रेनिंगला गेलो होतो. शेवटच्या रात्री साहेबांनी सगळ्यांना मोठ्या हॉटेलात जेवायला नेलं. तिथल्या छापील कार्डावर हा शब्द होता. पदार्थ माझ्यापर्यंत पोचला नाही. (कारकून टेबलाच्या शेपटाकडे बसतात आणि बशा डोक्याकडून निघतात.) पण शब्द वाचला होता हे तर खरं ना?

"हो, खाल्लंय की!" मी म्हणालो.

आबा खुर्चीतून उठलेच. "काय सांगतस! तुम्ही खायेल शे?"

"म्हणजे काय! मुंबईला. छान लागतं."

आबांचे डोळे भरून आले. मला वाटलं, एवढं काय झालं? तेव्हा त्यांनी सगळं सांगितलं. गावाने त्यांची टिंगल मांडली होती. आपल्याकडे बांधावर उंटकटारा नावाचं काटेरी झुडूप उगवतं, उंटाशिवाय त्याला कोणी तोंड लावत नाही. आबांच्या शेतातली रोपं थेट त्याच्याच घरातली दिसत होती. गाव म्हणे, आधार विमानात बसून गेला आणि उंटकटारा घेऊन आला. पारावर रोज हाच विषय. त्यात पुढारी कोण, तर आबांचे बालमित्र कौतिकनाना. आबा समोरून गेले की नाना उंट हाकल्यासारखा आवाज काढायचे.

"माले त्या तुकडानं काही नही," आबा म्हणाले, "पन बठ्ठा गावमा मना सबद खाली पडना. चाळीस वरीस मी सांगेल पेरा लोके पेरतस. आते कोन ऐकी?"

मग त्यांनी माझा हात धरला. "येत्या रविवारे मी पंगत ठेवस. बठ्ठा गावनासमोर तुम्ही खाईसन दखाडा. तुमनं लोके मानतीन. नहीच पटनं, तर मी नांगर फिरवी टाकसू, विषय संपना."

नाही म्हणायची ती वेळ होती. मी म्हणालो, "त्यात काय, आबा!"

आबा गेल्यावर माझी बायको प्रमिला स्वयंपाकघरातून बाहेर आली. कमरेला पदर खोचलेला होता. (खोचलेला पदर मी ओळखतो.)

"खरंच खाल्लंय तुम्ही?"

"म्हणजे मी खोटं बोलतो?"

"कसं खातात मग?"

"तोंडाने."

"अहो, ऐका तरी. आबा मला चुलीपाशी सांगत होते की—"

"प्रमिला, आबांनी ते शेतात पाहिलंय. मी मोठ्या हॉटेलात पाहिलंय. फरक असतो."

दूधवाला 'पाणी घालतच नाही' म्हणतो तेव्हा ती त्याच्याकडे जशी बघते, तशी तिने माझ्याकडे बघितलं आणि कणीक मळायला निघून गेली.

आता मला कसं खातात ते शोधून काढणं भाग होतं. वाचनालयात जाऊन जाडा शब्दकोश उघडला. त्यात लिहिलं होतं, 'एक प्रकारची भाजी'. एवढं मलाही माहीत होतं. कचेरीत मोतीलाल नावाचा माझा सहकारी आहे. जगातल्या कोणत्याही प्रश्नाचं उत्तर त्याच्याकडे तयार असतं, ते बरोबर आहे की नाही हा वेगळा भाग. त्याला मी आडून विचारलं.

"आर्टिचोक? सोपं आहे," मोतीलाल म्हणाला. "पानावर पान असतं ना? म्हणजे कोबीचा मामेभाऊ. कोबीचं पान कसं खातो? पान काढायचं, चावायचं, गिळायचं. साहेब लोक फार गाजावाजा करतात, बाकी काही नाही."

मला ते एकदम पटलं. घरी आल्यावर दारामागे उभं राहून कोबीच्या पानावर सरावही केला. झकास जमला.

रविवारी सकाळच्या एसटीने आम्ही पारोळ्याला उतरलो. पुढे आबांनी बैलगाडी पाठवली होती. जेवणाआधी आबा मला तुकडा दाखवायला घेऊन गेले. आणि खरं सांगतो, मी थक्क झालो. विहिरीच्या कडेने छातीइतकी उंच झाडं, चांदीची झाक असलेली मोठी मोठी कातरलेली पानं, आणि प्रत्येक फांदीच्या शेंड्यावर ते हिरवे गड्डे ऐटीत उभे. ना पुस्तक, ना कोणी शिकवणारा. एक पुडी बी आणि चार दिवस परक्या मुलखात बघितलेलं, एवढ्यावर या माणसाने खानदेशच्या काळ्या मातीत हे उभं केलं होतं. आबा एकेका झाडाला हात लावून चालत होते. मला वाटलं, या झाडांवर नांगर फिरता कामा नये. मग माझं काय व्हायचं ते होवो.

बांधावर कौतिकनाना भेटले. बुटके, पांढऱ्या भरघोस मिशा, आणि तोंडात नवी कवळी.

"राम राम, जवाईबुवा. उंट कोठे बांधा?"

"नाना, खाऊन तर बघा," मी हसून म्हणालो. "मुंबईला याच्यासाठी लोक रांगा लावतात."

नाना काहीतरी बोलणार होते, पण आबांनी त्यांच्याकडे बघितलं आणि ते मिशीवर हात फिरवत गप्प बसले.

आमच्याकडची पंगतीची रीत सांगायला हवी, नाहीतर पुढचं कळायचं नाही. जावई पंगतीला बसला की त्याच्या पाटाभोवती रांगोळी काढतात. त्याने पहिला घास घेतल्याशिवाय कोणी ताटाला हात लावत नाही. जावई जेवेल तसं गाव जेवतं. जावयाने वरण आधी घेतलं तर वरण आधी, भात आधी घेतला तर भात आधी. त्याला पंगतीत अवघडल्यासारखं वाटू द्यायचं नाही, हा गावाचा कायदा. आणि ताटातला पदार्थ तोंडातून बाहेर काढणं म्हणजे तर वाढणाऱ्याच्या तोंडात मारणं.

अंगणात दोन रांगा बसल्या. प्रत्येकाच्या पत्रावळीवर उकडलेला एकेक अख्खा आर्टिचोक आणि शेजारी द्रोणात लसणीचा ठेचा, वरून कच्चं तेल. वाढायला प्रमिला, सासूबाई आणि गल्लीतल्या बायका. समोरच्या रांगेत आबा आणि त्यांच्या बाजूला कौतिकनाना. सगळं अंगण माझ्या हाताकडे बघत होतं. साहेब फाइल बघतात तेव्हासुद्धा मला एवढा घाम येत नाही.

मी एक पान उपटलं. ठेच्यात बुडवलं. आणि अख्खं पान तोंडात टाकलं.

माणसं एकमेकांकडे बघू लागली. (मला वाटलं, माझ्या सफाईवर खूश झाली.) नानांनी आबांकडे बघितलं. आबांनी क्षणभर आपल्या हातातल्या पानाकडे बघितलं. मग एक श्वास घेतला आणि अख्खं पान तोंडात टाकलं. मग नानांनी टाकलं. मग साऱ्या पंगतीने.

आता मी चावायला सुरुवात केली. पहिल्या दोन-तीन चाव्यांत बुडाशी काहीतरी गोडसर, मऊ लागलं आणि मला धीर आला. नंतर जे काही तोंडात उरलं, त्याला पान म्हणणं हा पानांचा अपमान आहे. तो सुंभ होता. चावावं तितका तो वाढत होता. डाव्या दाढेने दमलो, उजवीकडे ढकलला. उजवीने दमलो, परत डावीकडे आणला. कोबीचा मामेभाऊ म्हणे! मोतीलालला मी मनातल्या मनात जे म्हणालो ते इथे लिहिता येणार नाही.

समोर बघतो तर सगळं गाव चावतंय. कोणी बोलत नाही, कोणी हसत नाही, नुसते जबडे चाललेत. आबांच्या कानशिलावरची शीर टरारली होती. नानांनी कवळी काढली, धोतराला पुसली, परत बसवली आणि पुन्हा चावायला लागले. गोठ्यातला बैल रवंथ थांबवून आमच्याकडे बघत होता.

बाहेर काढावं तर आबांचं सगळं गेलं. मुंबईला आर्टिचोक खाल्लेल्या जावयाने गावासमोर आर्टिचोक थुंकला म्हटल्यावर उद्या सकाळी नांगर जुंपावाच लागला असता. मी डोळे मिटले, पाण्याचा तांब्या उचलला आणि गिळलं. ते कुठून कुठून घासत गेलं ते मला सगळं कळलं. डोळ्यांतून पाणी आलं.

"कसं शे, जवाईबुवा?" नानांनी विचारलं. म्हणजे असावं. तोंड भरलेलं असल्यामुळे नीट कळलं नाही.

"अप्रतिम!" मी म्हणालो.

इथेच थांबलो असतो तर बरं झालं असतं. पण अप्रतिम म्हटल्यावर माणसाने दुसरं पान खायला नको? मी दुसरं पान उपटलं. पंगतीतून एक बारीक कण्हणं ऐकू आलं. हळूहळू एकेक हात पुढे आला आणि सगळ्या गावाने दुसरं पान उपटलं. आबांनीही.

तेवढ्यात प्रमिला आली. हातात रिकाम्या द्रोणांची चळत होती.

"अगं बाई, बघा माझं लक्ष!" ती सगळ्यांना ऐकू जाईल अशी म्हणाली. "चोथा टाकायचे द्रोण ठेवायचेच राहिले. हे केव्हाचे वाट बघत असतील, संकोचाने बोलले नाहीत." आणि माझ्यासमोर द्रोण ठेवून म्हणाली, "अहो, तुम्हीच सांगितलं होतं ना मला? पहिलं पान मानाचं, ते अख्खं खायचं. पुढची नुसती शेवग्याच्या शेंगेसारखी दातांनी ओढायची. आता दाखवा सगळ्यांना."

मी तिच्याकडे बघितलं. कोर्टातला नावाजलेला वकील काय बचाव करेल, असा तिने उभ्या उभ्या केला होता. वडिलांचा शब्द राहिला, नवऱ्याची लाज राहिली आणि चूक तिने स्वतःच्या पदरात घेतली. तीही द्रोण मांडता मांडता. अशी बायको मला मिळाली, ही माझ्या पत्रिकेतली चूक असावी.

"हां, तेच सांगणार होतो!" मी म्हणालो.

पंगतीने द्रोण उचलले. इतक्या एकमताने त्या गावात आजवर काहीही झालेलं नव्हतं. मग मी दुसरं पान बुडाकडून दातांत धरून ओढलं. आणि काय सांगू! तो पानाच्या बुडाशी असलेला लोण्यासारखा गर, त्यावर लसणीचा ठेचा आणि तेलाचा वास! हे मघापासून पत्रावळीवर होतं आणि मी सुंभ चघळत बसलो होतो. अंगणभर ओढण्याचे आवाज सुरू झाले. माणसं बोलू लागली, हसू लागली. एकच पान, पण ते ओढायचं, चाटायचं, टाकायचं आणि दुसऱ्याला हात घालायचा. घाईच करता येत नाही. भुकेलेल्या माणसालासुद्धा सावकाश जेवायला लावणारी अशी भाजी मी पाहिलेली नाही. गल्लीतल्या भिकुबाई, ज्यांच्या तोंडात एकही दात नाही, त्या ओट्यावर बसून नुसत्या हिरड्यांनी सगळ्यांच्या पुढे गेल्या.

पानं संपली तेव्हा मध्यभागी पांढऱ्या केसांचा एक झुबका उरला. मी तो उचलून तोंडाकडे नेत होतो. प्रमिलाने वाढता वाढता माझी पत्रावळच पुढून काढून घेतली. "राहू द्या तुमचं. केस काढून गाभ्याचं भरीत केलंय, ते वाढते."

हे भरीत म्हणजे त्या दिवसाचा कळस. मागच्या दारी बायकांनी पऱ्हाट्यांच्या, म्हणजे कापसाच्या काड्यांच्या, जाळावर आर्टिचोक भाजले होते. वरची पानं काढून, आतले केस चमच्याने खरवडून, नुसता बुडाचा गाभा लाकडी बडगीत ठेचला होता. त्यात हिरवी मिरची, लसूण, कांद्याची पात, शेंगदाणे आणि वरून तेलाची फोडणी. सोबत कळण्याची, म्हणजे ज्वारी-उडदाच्या पिठाची, भाकरी. इस्रायलच्या माणसाने ते खाल्लं असतं तर तो आपलं शेत विकून पारोळ्याला राहायला आला असता.

कौतिकनानांनी भरीत मागून मागून घेतलं. मग हात न धुताच आबांसमोर जाऊन उभे राहिले. सगळं अंगण ऐकत होतं.

"आधार, तुना उंटकटारा वांगाले भारी पडना. मना बांधनाजोडे चार रोपं लाई दे."

आबांनी टोपी काढून डोळे पुसले आणि परत घातली. नांगराचा विषय तिथेच संपला. मलाही भरून आलं. मग लोक माझ्याभोवती जमले, पाठीवर थाप मारू लागले, आणि मी आर्टिचोकवर एक छोटंसं भाषण केलं. (त्यातलं काहीही मला त्या सकाळपर्यंत माहीत नव्हतं.)

संध्याकाळी आबा आम्हाला फाट्यावर एसटीला पोचवायला आले. सोबत नानाही होते. माझ्या अंगात अजून भाषण होतंच.

"आबा, एक सांगू?" मी म्हणालो. "पुढच्या वेळी गावाला कसं खायचं ते आधी नीट समजावून ठेवत जा. बिचारे माझं बघून बघून खात होते."

आबा रस्त्याकडे बघत हळू आवाजात म्हणाले, "सांगेल व्हतं."

"काय?"

"बठ्ठासले, सगळा गावले सांगेल व्हतं. घरोघर जाईसन. पान दातथीन वढानं, चोथा टाकाना. प्रमिले बी सांगं व्हतं. हाऊ कौतिक ते परवदिन मना घर चार खाई बी गया."

मी नानांकडे बघितलं. नाना मिशीत हसत होते. मी प्रमिलाकडे बघितलं. ती पिशवीचा बंद बांधण्यात गुंतली होती.

"अहो, मग पंगत कशाला?"

"बाकीनासले मनं खरं वाटेना. म्हणतस, आधार टिंगल करस. शिकेल जवाई सांगी ते मानसूत."

"आणि मग सगळ्यांनी ती अख्खी पानं का चावली?"

आबांना हा प्रश्नच कळला नसावा. त्यांनी माझ्याकडे अगदी सरळ बघितलं.

"तुम्ही चावत व्हतात ना, जवाईबुवा. पंगतमा जवाईले एकटं कसं पाडानं?"

दिवसभर मी समजत होतो की आबांची लाज मी घशाखाली उतरवली. आणि इकडे सगळं गाव, दात असलेलं आणि नसलेलं, माझी लाज चावत बसलं होतं. मी वाकून आबांच्या पायांना हात लावला. एसटी आली. आम्ही चढलो, खिडकीशी बसलो. गाडी सुटता सुटता कौतिकनाना धावत खिडकीशी आले, गजाला धरून मला म्हणाले,

"जवाईबुवा, पुढला साल आधार केळीना नवा वाण लाई राहिना. पंगतले येज्यात. पन केळं तरी सोलीसन खाज्यात, हात जोडस!"